जीवघेण्या खेळाचा भयपट: कॅमेरा काढण्याआधीची तयारी

पटकथेच्याही आधी खेळाचे नियम एका कागदावर उतरवा. किती जण बसणार, खेळ सुरू कशाने होतो, मध्येच उठलं तर काय होतं, संपतो कसा आणि नियम मोडला तर भोगावं कोणाला लागतं. पाच-सहा नियम पुरेत, कारण एकदा ऐकून ते प्रेक्षकाच्या लक्षात राहायला हवेत. मेणबत्ती विझू द्यायची नाही एवढं त्याला ठाऊक असेल, तर नुसती वात थरथरली तरी तो सावरून बसतो. हातात पैसे नसताना याहून मोठं साधन नाही, असं मी अगदी ठामपणे म्हणेन. प्रत्येक नियमापुढे लिहा, तो कोणत्या सीनमध्ये कळतो आणि कोणत्या सीनमध्ये मोडतो. जो कधी मोडतच नाही, तो सरळ खोडा.

खेळ स्वतः रचा, पण जुने खेळ कसे चालतात ते बघून घ्या. एदो काळातल्या (सतरावं ते एकोणिसावं शतक) जपानमध्ये ‘ह्याकुमोनोगातारी काइदानकाई’ खेळत: 100 दिवे लावायचे, भुताची एकेक गोष्ट सांगायची आणि दर गोष्टीमागे एक दिवा मालवायचा. शेवटचा दिवा गेला की काहीतरी येतं अशी समजूत होती. उलटी मोजणी खेळातच बसवलेली आहे, वेगळं काही सांगावं लागत नाही. प्लँचेटच्या धर्तीवर काही करणार असाल तर वाटी सरकवायला दोरे, लोहचुंबक लागणार नाहीत. ब्रिटिश शास्त्रज्ञ मायकेल फॅरडे यांनी 1853 मध्ये दाखवून दिलं होतं की भुतं बोलावण्याच्या बैठकीतलं टेबल बसलेल्यांच्याच हातांच्या नकळत दाबाने हलतं. नटांनाच वाटी ढकलू द्या. आपण नाही, दुसराच कोणीतरी ढकलतोय हा प्रत्येकाच्या चेहऱ्यावरचा संशय टिपलात की सीन झाला. आरशाचा खेळ असेल तर मंद उजेडात स्वतःच्या डोळ्यांत एकटक पाहणाऱ्याला थोड्या वेळाने चेहरा बदलल्यासारखा भासतो, हे लक्षात ठेवून शॉट लांब धरा. कोणाच्या श्रद्धेतला खरा मंत्र किंवा विधी मात्र उचलू नका. त्याची गरजही नसते.

लोकेशन एकच घर ठेवा. 2007 मध्ये पहिल्यांदा दाखवला गेलेला ‘पॅरानॉर्मल ॲक्टिव्हिटी’ हा भयपट दिग्दर्शक ओरेन पेली यांनी स्वतःच्याच घरात, सुमारे 15 हजार डॉलरमध्ये केला होता. घर ठरवण्यापूर्वी शूट ज्या वेळी आहे त्याच वेळी तिथे गप्प बसून ऐका: पंप, लिफ्ट, कुत्री, फ्रिजची घरघर. शूटच्या वेळी फ्रिज बंद करायचा असेल तर गाडीची किल्ली आतच ठेवा, म्हणजे पॅक-अपनंतर तो चालू करायचं राहून जात नाही. प्रत्येक खोलीचा मिनिटभर रूम टोन (सगळे गप्प असतानाचा खोलीचा आवाज) घ्या. दारावरची टकटक त्याच दाराआडून, त्याच अंतरावरून वेगळी रेकॉर्ड करा.

मेणबत्त्यांसाठी एक अख्खी दुपार काढा. एकाच जाडीच्या भरपूर आणा, आधीच कापून ठेवा (पूर्ण, पाऊण, अर्धी, बोटभर) आणि प्रत्येक गठ्ठ्यावर सीन नंबर लिहा. नाहीतर संकलनात मेणबत्ती कटागणिक वाढते-घटते आणि खेळाचं घड्याळच खोटं पडतं. तिचा उजेड साधारण 1900 केल्विनचा (केल्विन हे उजेडाच्या रंगाचं माप), फार पिवळा असतो, म्हणून व्हाइट बॅलन्स (कॅमेऱ्याचं रंगाचं सेटिंग) ऑटोवर सोडू नका. एफ 1.4 किंवा 1.8 ची, म्हणजे कमी उजेडातही चालणारी लेन्स मिळवा, पण इतक्या उघड्या ॲपर्चरवर (लेन्सच्या छिद्रावर) नट जरा पुढे झुकला तरी फोकस जातो, तेव्हा जमिनीवर खुणा करून तालीम घ्या. आडोशाला छोटा एलईडी लावणार असाल तर फ्लिकरची (चित्रात उजेड लुकलुकतो का याची) टेस्ट आधीच करा. वीज 50 हर्ट्झची असेल तिथे शटर 1/50 सेकंदावर ठेवून बघा. पडदे, सैल केस, सिंथेटिक कपडे ज्योतीपासून लांब ठेवा. अग्निशामक घेऊन उभ्या राहणाऱ्या माणसाला दुसरं कोणतंही काम देऊ नका.

नकली रक्त कपड्यावर आणि भिंतीवर आधी लावून बघा. रक्ताच्या सीनसाठी एकसारखे कपडे दोन-तीन जोड हवेत.

नटांशी बोलताना एक शब्द ठरवा, जो ऐकताच सगळं थांबेल. ‘थांब’, ‘सोड’ चालणार नाहीत, ते संवादात येतात. अंधाराचा किंवा धुराचा त्रास कोणाला आहे, हे एकेकाला बाजूला घेऊन विचारा. रात्री किंकाळ्या ऐकू येणार म्हणून शेजाऱ्यांना आणि पोलिसांना आधी कळवा. लागोपाठच्या नाइट शिफ्टमध्ये पुरेशी झोप मिळेल असेच कॉल टाइम (सेटवर हजर व्हायच्या वेळा) लावा.

शेड्यूलमध्ये आरसा फुटण्याचा शॉट शेवटच्या दिवशी टाका. आरशातले सगळे क्लोजअप दोन हार्डडिस्कवर उतरवून, उघडून पाहिल्याशिवाय त्याला हात लावू नका.