पोरांना मूकपट दाखवायचाय? आधी वेग बघा

मूकपट म्हटलं की सगळे चॅप्लिन लावतात. मी भाच्यांना ‘इल पिक्कोलो गारिबाल्दीनो’ दाखवला. रोमच्या चिनेस कंपनीचा, १९०९चा, पंधरा-एक मिनिटांचा. बाप इटली एक करायला लढणाऱ्या गारिबाल्दीच्या फौजेत गेलेला, आणि त्याच्यामागे जायचं म्हणून पोरगा घर सोडून जहाजात लपतो.

गोष्ट आधी सांगा, पण अर्धीच. १८६० साली हजारभर स्वयंसेवक लाल सदरे घालून जेनोवाजवळच्या क्वार्तोहून सिसिलीला निघाले, इतकं पुरे. आमच्या पोरांना आजोबांमुळे ही नावं ओळखीची. इटलीच्या त्याच लढ्यातल्या मॅझिनीचं आत्मचरित्र सावरकरांनी १९०७ मध्येच मराठीत आणलं होतं ना. पडद्यावर मधूनमधून येणाऱ्या मजकुराच्या पाट्या इटालियनमध्ये असतील तर अर्थ आधीच वहीत उतरवा आणि वाचायचं काम थोरलीकडे द्या.

खरी गोम वेगात आहे. तेव्हा कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत, सेकंदाला साधारण १६ चित्रं. तीच २४ने पळवली की माणसं दीडपट वेगाने तुरुतुरु धावतात. पहिल्या खेपेला मी हेच केलं. पोरगा मरतो तिथे धाकटा खदखदून हसला. चूक माझी, त्याची नव्हे. तेव्हा प्लेयरमध्ये वेग ०.६७च्या आसपास आणा. मात्र चांगल्या प्रतीत तो आधीच दुरुस्त केलेला असतो, तिथे हात लावू नका. ओळखायचं कसं? पडद्यावर कुणी चालायला लागलं की पोरांना उठवून त्याच्याबरोबर चालायला लावा. पावलं जुळली की झालं. आमच्या दिवाणखान्यात सतरंजी गोळा झाली, पण वेग सापडला.

पेटी असेल तर एक सूर धरून ठेवा, गाणी नकोत. शेवटी मेलेला पोरगा आईला दिसतो, तिथे पेटीवरून हात काढा.

भूत कसं केलं, हे विचारतातच. फिल्म मागे गुंडाळून त्याच पट्टीवर दुसरं चित्र घ्यायची युक्ती तेव्हा रूढ होती. मी दिवा लावून त्यांना रात्रीच्या खिडकीसमोर उभं केलं: काचेत धाकट्याचा चेहरा, आणि त्यातून आरपार दिसणारी बाहेरची स्कूटर.

धाकट्याचं समाधान झालं. थोरली मात्र काचेपाशीच उभी.

“आत्या, तो घरी जाऊन आला, हे त्याच्या बाबांना कळलं का गं?”