'डिसऑनर्ड': एकही खून न करता गेम संपवायचाय? या चुका टाळा

मिशन संपतं. तुम्ही कुणावरही तलवार उगारलेली नसते, तरी शेवटच्या आकडेवारीत एक खून तुमच्या नावावर जमा झालेला असतो. 'डिसऑनर्ड' खेळणाऱ्यांची ही नेहमीची तक्रार. बहुतेक वेळा गेमचा हिशेब बरोबरच असतो, कारण खून झालेला असतो तो तुम्ही पाठ फिरवल्यानंतर.

आर्केन स्टुडिओजचा हा गेम ऑक्टोबर २०१२ मध्ये आला. दिग्दर्शक राफाएल कोलान्तोनिओ आणि हार्वी स्मिथ. गोष्ट घडते डनवॉलमध्ये. हे शहर व्हेलच्या तेलावर चालतं आणि उंदरांनी पसरवलेल्या साथीने पोखरलेलं आहे. सम्राज्ञी जेसमिनचा खून होतो, आळ तिचा अंगरक्षक कॉर्वो अटानोवर येतो आणि तिची मुलगी एमिली पळवली जाते. अशा शहरात रस्त्यात बेशुद्ध पडलेला माणूस सुरक्षित कसा असेल? गेमचे नियम नेमके इथूनच सुरू होतात.

बेशुद्ध केलं म्हणजे काम झालं, हा समज

एकही खून न करता गेम संपवल्याचा किताब म्हणजे 'क्लीन हँड्स'. सगळ्यात जास्त 'क्लीन हँड्स' इथेच हुकतात. गार्डचा गळा आवळला, तिथेच टाकला आणि पुढे गेलात, की उंदरांची झुंड त्याला खाते आणि तो मृत्यू तुमच्या खात्यात जातो. पाण्यात टाकलेला बेशुद्ध माणूस बुडून मरतो, अगदी उथळ पाण्यातही. कठड्यावर किंवा छताच्या कडेला उभ्या गार्डला स्लीप डार्ट (झोपवणारा बाण) मारलात तर तो खाली कोसळतो आणि पडूनच मरतो.

म्हणून आधी जागा बघा, मग गळा आवळा. उंचावरचा गार्ड असेल तर मागून पकडून कडेपासून लांब ओढून न्या. अंग खांद्यावर घेतलंत की ते कचऱ्याच्या मोठ्या पेटीत टाका, नाहीतर टेबल, पलंग अशा उंच जागी ठेवा. खांद्यावरून उतरवताना जिना किंवा उतार टाळा. या गेममध्ये बेशुद्ध माणूस आपोआप शुद्धीवर येत नाही, त्यामुळे नीट लपवला की तो विषय संपला. आणि वीपर, म्हणजे डोळ्यांतून रक्त गळणारे साथीचे रोगी, माणसांतच मोजले जातात. त्यांना झोपवा किंवा चुकवा, मारू नका.

यंत्राने मारलं तरी मारणारे तुम्हीच

'वॉल ऑफ लाइट' ही शत्रूला जाळणारी विजेची भिंत. तिला रीवायर टूल, म्हणजे तारा उलट जोडणारं साधन, लावलं की ती गार्डांवरच उलटते. त्यात जळून गेलेला प्रत्येक गार्ड तुमचा खून. त्यापेक्षा व्हेलच्या तेलाची टाकी खोबणीतून काढून घ्या. भिंत बंद पडते आणि कुणी मरत नाही.

पांढरी खूण दिसली की लोड करणं

गार्डच्या डोक्यावर पांढऱ्या रेषा भरू लागल्या तर त्याला फक्त संशय आलाय. त्या लाल झाल्या तरच तुम्ही दिसलात. पांढऱ्यावरच क्विकलोड करणारा, म्हणजे मागचा सेव्ह परत उघडणारा माणूस एक मिशन दुप्पट वेळ खेळतो.

'थीफ' हा लपूनछपून खेळायचा जुना गेम खेळून आलेले आणखी एका ठिकाणी फसतात. तिथे अंधार हीच ढाल असते. इथे सावलीचा उपयोग फक्त लांबून होतो. जवळ आलेल्या गार्डला तुम्ही अंधारातही दिसता. इथे खरं काम करतो तो आडोसा आणि उंची. आडोशामागून झुकून बघितलं तर झुकलेलं अंग गार्डच्या नजरेत येत नाही, ही सवलत भरपूर वापरा. डार्क व्हिजन ही कॉर्वोची जादुई नजर चालू ठेवली की गार्डांच्या नजरेचा कोन आणि तुमच्या पावलांचा आवाज दोन्ही दिसतात. सावध झालेल्या गार्डवर स्लीप डार्टचा असर व्हायला काही सेकंद लागतात, तेवढ्यात तो ओरडलेला असतो.

'घोस्ट' म्हणजे कुणालाही न दिसता गेम संपवल्याचा किताब. त्याचा हिशेब कोल्डरिज तुरुंगातून सुटण्याचा भाग संपल्यावर सुरू होतो. 'क्लीन हँड्स' मात्र त्या तुरुंगातला खूनही धरतं. हे माहीत नसल्यामुळे अनेकांची मेहनत पहिल्या तासातच वाया गेलेली असते आणि त्यांना ते शेवटी कळतं. मिशन चालू असताना आकडे बघायची सोय या भागात नाही; ती 'डिसऑनर्ड २' मध्ये (२०१६) आली. म्हणून इथे एकच उपाय: क्विकसेव्हवर विसंबू नका, प्रत्येक मिशनच्या सुरुवातीला आणि मध्ये एकदा वेगळा सेव्ह करा.

मिशनमधल्या खास जागा

हाय ओव्हरसीअर, म्हणजे धर्मसंस्थेचा प्रमुख कॅम्पबेल, शहराच्या पहारेदारांचा कॅप्टन कर्नो याच्यासाठी विषाचा पेला ठेवतो. पेले अदलाबदल केलेत तर कॅम्पबेल मरतो, तसेच सोडलेत तर कॅप्टन कर्नो. दोन्ही पेले सांडून टाका. मग कॅम्पबेल कर्नोला खाली घेऊन जातो. तिथे त्याने हल्ला करायच्या आत कॅम्पबेलला झोपवा. त्याला उचलून चौकशीच्या खोलीतल्या खुर्चीत बसवा आणि पाखंड्यांना द्यायचा डाग द्या. त्याची सत्ता संपते, पण तो जिवंत राहतो. शिक्षा म्हणून ही मरणापेक्षा कठोर आहे, आणि या गेमचं लेखन इथे सगळ्यात धारदार आहे.

'गोल्डन कॅट' या कुंटणखान्यात खुर्चीला बांधलेल्या कलाविक्रेत्या बंटिंगकडून तिजोरीचा आकडा काढायचा तर विजेचे झटके द्यावे लागतात. आकडा कळला की कळीला हात लावू नका. जास्तीच्या झटक्याने तो मरतो.

लेडी बॉईलच्या मेजवानीत इंटरनेटवरचं उत्तर डोळे झाकून वापरू नका. एस्मा, लिडिया आणि वेव्हर्ली या तिघींपैकी तुमचं लक्ष्य कोण, हे प्रत्येक वेळी बदलतं. पाहुण्यांशी बोला, वरच्या मजल्यावरच्या खोल्या बघा.

तुमच्या खुनांवरून शहरातला गोंधळ किती वाढला हे गेम मोजतो, तो केऑस. एखाद-दुसरा खून झाला म्हणून लगेच हाय केऑस होत नाही. कत्तल चालूच ठेवलीत तर मात्र उंदीर आणि वीपर वाढतात, एमिलीची चित्रं काळवंडतात आणि शेवटी नावाडी सॅम्युएल तुम्हाला किंग्सपॅरो बेटावर उतरवून बंदुकीच्या बाराने गार्डांना जागं करतो. बाफ्ताने २०१३ साली 'डिसऑनर्ड'ला सर्वोत्तम गेम ठरवलं. खेळण्याची पद्धत आणि गोष्ट इतकी घट्ट बांधणारे स्टेल्थ (लपूनछपून खेळायचे) गेम थोडेच आहेत. पुढे 'डेथ ऑफ द आउटसायडर' (२०१७) मध्ये केऑसच काढून टाकला.

शेवटच्या मिशनमध्ये लो केऑस असेल तर कॉर्वोला दगा देणाऱ्या साथीदारांपैकी मार्टिन आणि पेंडलटन टेबलाशी मेलेले सापडतात. घाबरून जुना सेव्ह लोड करू नका. त्यांना त्यांचाच साथीदार हॅवलॉकने विष दिलेलं असतं, ते तुमच्या खात्यात येत नाही. त्याचं बोलणं संपू द्या, मागे जाऊन गळा आवळा आणि एमिलीचं दार उघडा.