जॉन व्हाइटलीचे पाच चित्रपट कसे पाहावेत

जॉन व्हाइटली या स्कॉटिश बालकलाकाराने, दूरचित्रवाणीवरील किरकोळ कामे वगळता, १९५२ ते १९५६ या काळात केवळ पाच चित्रपटांत काम केले. आठवड्याला एक चित्रपट पाहिला तरी सव्वा महिन्यात त्याची सारी कारकीर्द पाहून होते. ज्या चित्रपटासाठी त्याला ऑस्कर मिळाला त्यापासून सुरुवात करण्याचा मोह मात्र टाळावा आणि प्रदर्शनाच्या क्रमानेच जावे.

पहिला ‘हंटेड’ (१९५२). घरातील पडद्यांना आग लागल्यावर शिक्षेच्या भीतीने पळालेला मुलगा आणि खून करून दडलेला माणूस यांची गाठ पडते व दोघे स्कॉटलंडच्या दिशेने पळत राहतात, एवढेच कथानक. सुरुवातीला खुन्याची भूमिका करणारा अभिनेता डर्क बोगार्ड मुलाला ओढत नेतो आणि पुढे तोच मुलगा आपणहून त्याच्यामागे चालू लागतो. हा बदल संवादांपेक्षा चालण्यातून कळतो, म्हणून उपशीर्षकांवर नजर खिळवून ठेवू नये.

दुसरा चित्रपट, म्हणजे दिग्दर्शक फिलिप लीकॉक यांचा ‘द किडनॅपर्स’ (१९५३), शोधताना थोडी सावधगिरी लागते. अमेरिकेत तो ‘द लिटल किडनॅपर्स’ या नावाने प्रदर्शित झाला आणि त्याच नावाचा १९९० चा दूरचित्रवाणीपटही आहे, तेव्हा वर्ष तपासूनच घ्यावा. कथा कॅनडातील नोव्हा स्कोशियाची, चित्रण मात्र स्कॉटलंडमधले. कडक आजोबा कुत्रा पाळू देत नाहीत, म्हणून दोन पोरके भाऊ रानात सापडलेले बाळच लपवून सांभाळतात. धाकट्याची भूमिका करणारा व्हिन्सेंट विंटर हशा मिळवतो. लक्ष ठेवावे ते थोरल्या व्हाइटलीवर, कारण धाक आणि जबाबदारी या दोन्हींचे ओझे त्याच्या चेहऱ्यावर आहे. दोघांनाही बालकलाकारांचा विशेष ऑस्कर मिळाला. व्हाइटलीच्या घरच्यांनी त्याला समारंभाला पाठवले नाही, आणि ऑस्करची बाहुली टपालाने घरी आली.

फ्रिट्झ लांग यांचा ‘मूनफ्लीट’ (१९५५) हॉलिवूडचा, रंगीत आणि सिनेमास्कोप या रुंद पडद्याच्या तंत्रातला असल्याने तो शक्य तितक्या मोठ्या पडद्यावर पाहावा. ‘द वेपन’ (१९५६) एकदा पाहिला तरी पुरे.

‘द स्पॅनिश गार्डनर’ (१९५६) पाहण्यापूर्वी पुढची हकिकत ठाऊक असलेली बरी. अभिनय सोडून हा मुलगा ऑक्सफर्डला शिकला, फ्रेंच कलेचा जाणकार झाला आणि तिथल्याच ॲशमोलियन संग्रहालयात त्याने दीर्घकाळ काम केले. २०२० साली त्याचे निधन झाले. त्यामुळे हा चित्रपट हळहळ न करता पाहता येतो. इथे दिग्दर्शक पुन्हा लीकॉक आहेत आणि समोर पुन्हा बोगार्ड आहे, आता माळ्याच्या भूमिकेत. मुलाचा त्याच्यावरचा जीव वडिलांना सहन होत नाही. वेळ दोनच संध्याकाळींचा असेल, तर ‘हंटेड’ आणि हा चित्रपट लागोपाठ पाहावेत.