फोन आल्यापासून शीतपेटीपर्यंत: अंत्यविधीच्या कामात नव्याने येणाऱ्यांसाठी

फोन उचलला की नाव, पत्ता घ्या आणि लगेच विचारा: डॉक्टरांनी मृत्यू झाल्याचं लिहून दिलंय का? नसेल तर गाडी काढू नका. प्रकार अपघाताचा किंवा संशयाचा वाटला तर पोलीस येईपर्यंत देहाला हातसुद्धा लावायचा नाही.

घरी पोचल्यावर माझी माणसं घाई करताना दिसली तर मला राग येतो. खरी घाई फक्त चेहऱ्याची. साधारण २ ते ४ तासांत स्नायू ताठरू लागतात आणि ते पापण्या, जबडा इथे आधी जाणवतं. म्हणून पापण्या अलगद मिटा, त्यांवर ओला कापूस ठेवा, हनुवटीखाली टॉवेलची गुंडाळी द्या. डोक्याखाली उशी हवीच, नाहीतर रक्त चेहऱ्यात उतरून तो काळानिळा पडतो. मग कितीही पावडर लावा, घरच्यांना कळतंच. सुमारे १२ तासांनी देह पूर्ण ताठतो. तेव्हा सांध्यांवर जोर करू नका. दीड-दोन दिवसांत ताठरपणा आपोआप उतरतो.

शीतपेटी २ ते ४ अंश सेल्सिअसवर ठेवा. गोठवायचं नाही.

दहन असेल तर पेसमेकर आहे का, हे न लाजता विचारा. त्याची बॅटरी भट्टीत फुटते. आधी जाणकाराकडून काढून घ्या.

दागिने घरच्यांसमोरच उतरवा, यादी करा, सही घ्या. खर्चाचा आकडाही त्याच वेळी लेखी द्या. तोंडी आकड्यांवरून पुढे भांडणं होतात, आणि तीही तेराव्या दिवसाच्या आत.