वास्तव बदलणारा पंथ रचताय? या चुका टाळा

काल्पनिक मांत्रिक पंथ रचणाऱ्यांच्या कच्च्या वह्या मी बरीच वर्षं वाचतोय. काही कथांसाठी असतात, काही टेबलावरच्या रोल-प्लेइंग खेळांसाठी, म्हणजे ज्यांत खेळाडू पात्रांच्या भूमिका करतात. पंथाचं चिन्ह ठरलेलं असतं, झग्यांचे रंग ठरलेले असतात, साधकाच्या सात पायऱ्यांना भारदस्त नावं असतात. पण साधक वास्तव वाकवायला लागला की वास्तव उलट काय करतं, ते पान कोरं असतं. पुढचं सगळं तिथेच फसतं.

भूतकाळाला हात घालणं

ही चूक बघितली की माझा जीव तुटतो, कारण चांगल्या चांगल्या कल्पना तिने बुडवल्या आहेत.

एका खेळात मी खेळाडू होतो. पंथाचा सिद्धांत सुंदर होता: जग हा एक ग्रंथ आहे आणि सिद्ध साधक त्यातली ओळ खोडून नवी लिहू शकतो. शत्रूचं सैन्य नदीवरच्या पुलावरून येत होतं. एका खेळाडूने ओळ लिहिली, ‘हा पूल कधी बांधलाच गेला नाही.’ खेळ चालवणाऱ्या संचालकाने मान्य केलं, टेबलावर टाळ्या पडल्या. मग वैद्याची भूमिका करणाऱ्या मुलीने विचारलं, ‘पूल नव्हता तर मी पलीकडच्या गावातून इकडे आले कशी?’ संचालक म्हणाला, नावेने. ‘पण त्या रात्री पूर होता. पूर होता म्हणूनच तो जखमी हेर मला पुलावर सापडला.’ हेर वाचला नसेल, तर सैन्य येतंय ही बातमी आणली कोणी? आणि बातमीच नसेल, तर पूल खोडायचं कारण काय? संचालक प्रत्येक प्रश्नाला नवा अपवाद काढत गेला. अपवाद वाढले तसा खेळाडूंचा नियमांवरचा विश्वास उडाला. तो खेळ पुढे कधी झालाच नाही.

माझं मत ठाम आहे: घडून गेलेलं बंद ठेवा. साधकाला पूल पाडू द्या, वितळवू द्या, त्याचं धुकं करू द्या, पण आत्तापासून पुढे. आणि भूतकाळ बदलायचाच असेल, तर जुनं जग कोणाला आठवतं हे आधी ठरवा. एका तरी माणसाला आठवलंच पाहिजे. त्याशिवाय बदल झाल्याचं दुःख कोणालाच होत नाही आणि वाचकालाही त्याचं काही वाटत नाही.

माझी सवय सांगतो. वहीच्या डाव्या पानावर मी फक्त मंत्राचा परिणाम लिहितो. उजव्या पानावर त्या परिणामामुळे कोणाचा रस्ता, कोणाचं काम, कोणाचं नातं बदललं ते लिहितो. उजवं पान भरून वाहायला लागलं की मंत्र लहान करतो.

दोन इच्छा समोरासमोर आल्या तर?

एकाने पाऊस मागितला, दुसऱ्याने ऊन. नवशिके लगेच लिहितात, ‘ज्याची इच्छाशक्ती जास्त तो जिंकतो.’ मग अख्खी कथा कोण जास्त जोरात ओरडतो यावर येते.

यावर जुन्यांनी फार खोल विचार केलेला आहे. पतंजलींच्या योगसूत्रांत, विभूतिपाद या भागात, अणिमादी सिद्धींचं (अणूएवढं लहान होणं वगैरे शक्तींचं) सूत्र येतं. त्यावरच्या व्यासभाष्यात म्हटलंय की सिद्ध योगी समर्थ असूनही पदार्थांची, म्हणजे जगातल्या वस्तूंची, उलटापालट करत नाही, कारण ते पदार्थ तसेच असावेत असा आधीच्या एका सिद्धाचा संकल्प आहे. तुमच्या पंथासाठी हा केवढा मोठा पाया आहे बघा! वास्तव म्हणजे आधीच कोणीतरी केलेला संकल्प, आणि प्रत्येक नवा मंत्र म्हणजे त्याच्याशी वाद. मग प्रश्न सुचायला लागतात: तो पहिला कोण, त्याची परवानगी मिळते का, तो गेला तर काय. कथा इथे सुरू होते.

‘मंत्राने थकवा येतो’

ही किंमत नव्हे. रात्रभर झोपलं की थकवा जातो. रामायणातला विश्वामित्र रागाच्या भरात रंभेला शाप देतो, तिची शिळा होते, आणि त्या रागापायी त्याचं साठवलेलं तप जातं. त्याला पुन्हा मौन धरून बसावं लागतं. खर्च असा हवा: मोजता येणारा, आणि साधकाच्या स्वभावालाच चिकटलेला.

उरलेल्या चुका

‘मन शुद्ध हवं’ ही अट टाका; शुद्धता कोणी मोजत नाही, त्यामुळे लेखक हवी तेव्हा वापरतो.

मंत्र ज्याच्यावर चालवायचा, त्या लक्ष्याशी साधकाचा दुवा ठरवा. मानववंशशास्त्रज्ञ जेम्स फ्रेझर यांनी जादूच्या समजुतींमागे दोन तत्त्वं दाखवली, साधर्म्य (सारखी गोष्ट सारख्या गोष्टीवर परिणाम करते) आणि संपर्क (एकदा स्पर्श झालेल्या गोष्टी दूर गेल्या तरी जोडलेल्या राहतात). एकच निवडा. दोन्ही घेतलीत तर जगातली कुठलीही गोष्ट साधकाच्या आवाक्यात येते.

पायऱ्या सात कशाला? तिसऱ्या पायरीवरच्याला जमत नाही असं चौथीवरच्याला काय जमतं, ते एका वाक्यात लिहिता येत नसेल तर ती पायरी काढा.

आणि शेवटचं महायुद्ध आधी लिहू नका. घाई असलेले सगळे तिथूनच सुरुवात करतात आणि मग त्या प्रसंगाला पुरतील असे नियम मागाहून शिवतात. आधी पंथातल्या सगळ्यात कच्च्या शिष्याला एक विझलेला दिवा पेटवायला लावा. त्याने काय उच्चारलं, वात कशी वागली, त्याचं काय गेलं, हे दोन पानांत लिहा. ती दोन पानं जमेपर्यंत झग्यांचे रंग ठरवू नका.