सरकारने नियम करावेत म्हणून हायकोर्टात जाताय? या चुका टाळा

नागपूरच्या सिव्हिल लाइन्समध्ये विधानभवनही आहे आणि हायकोर्टाचं खंडपीठही. एका दारी काम झालं नाही की माणसं दुसऱ्या दारी येतात. विदर्भाच्या ११ जिल्ह्यांतून, पदरचे पैसे मोडून. अशी याचिका पहिल्याच तारखेला फेटाळली गेली की जीव तुटतो. कारण बहुतेकदा मागणी रास्त असते, मागायची पद्धत चुकलेली असते.

सगळ्यात महागात पडते ती प्रार्थनेतली, म्हणजे याचिकेच्या शेवटी कोर्टाकडे केलेल्या मागणीतली चूक. मध्यंतरी गोंदियाच्या एका कार्यकर्त्याची याचिका दाखल होण्याआधी वाचली. कात्रणं, फोटो, तारखा, सगळं चोख. शेवटी मागणं काय? ‘सोबतच्या मसुद्याप्रमाणे नियम करण्याचा आदेश शासनाला द्यावा.’ या एका ओळीने सगळी मेहनत वाया गेली असती. कायद्याने सोपवलेल्या अधिकारात नियम करणं हेही कायदा करण्याचंच रूप आहे, त्यामुळे ‘अमुकच नियम करा’ असा परमादेश (सरकारला कर्तव्य करायला लावणारा कोर्टाचा आदेश) कोर्ट देत नाही. सुप्रीम कोर्टाने हे १९७१ मध्ये सांगितलं, १९८९ मध्ये आपल्याच कर्मचाऱ्यांच्या प्रकरणातही सांगितलं. रॅगिंगविरोधी कायदा आणण्यासाठी हिमाचलच्या हायकोर्टाने सरकारला दिलेले निर्देशही १९८५ मध्ये टिकले नाहीत.

म्हणून आधी मूळ कायद्याचं कलम काढा आणि क्रियापदावर बोट ठेवा. ‘शासनास नियम करता येतील’ असं असेल तर तो अधिकार आहे. ‘शासन नियम करील’ असं असेल तर सहसा ते कर्तव्य, आणि बाजू बरीच भक्कम होते. दिव्यांग हक्क कायदा, २०१६ च्या कलम ४० मध्ये सुगम्यतेचे (दिव्यांगांना इमारती, सेवा सहज वापरता याव्यात यासाठीचे) नियम करणं केंद्रावर बंधनकारक आहे. प्रत्यक्षात त्या कायद्याखालचा नियम १५ नुसती शिफारसवजा मार्गदर्शक तत्त्वं पुढे करत होता. नोव्हेंबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो कायद्याशी विसंगत ठरवला आणि बंधनकारक नियम तीन महिन्यांत करायला सांगितले. मानकं ठरवण्याचं काम मात्र सरकारकडेच ठेवलं. ही सीमारेषा नीट समजून घ्या: कर्तव्य पार पाडा असं कोर्ट सांगेल, मजकूर लिहून देणार नाही.

कायदा झाला पण अंमलात आणणारी अधिसूचनाच निघाली नाही, अशीही प्रकरणं येतात. ४४ व्या घटनादुरुस्तीतलं प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेबाबतचं (गुन्हा घडण्याआधीच डांबून ठेवण्याबाबतचं) कलम लागू करा, असा आदेश सुप्रीम कोर्टाने १९८१ मध्ये नाकारला. ते कलम आजही लागू नाही. पण वकील कायद्याच्या कलम ३० बाबत १९८८ मध्ये कोर्टाने केंद्राला ‘लागू करायचं की नाही, याचा सहा महिन्यांत विचार करा’ असं सांगितलं. मागणं असं मवाळ वाटलं तरी पदरात काहीतरी पडतं. गोंदियाच्या याचिकेतही शेवटी ‘निवेदनावर ठरावीक मुदतीत, कारणांसह निर्णय घ्यावा’ अशीच प्रार्थना घातली.

‘विशाखा’चा दाखला सरसकट जोडू नका. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्ध सुप्रीम कोर्टाने घालून दिलेली १९९७ ची ती तत्त्वं मूलभूत हक्कांच्या रक्षणासाठी, कायदाच नव्हता म्हणून आली, आणि २०१३ चा कायदा येईपर्यंत चालली. बढतीच्या किंवा परवान्याच्या नियमाला तो आधार पुरत नाही.

आणखी एक गोष्ट वकीलही कधी कधी विसरतात. नियम नाहीत म्हणून कायदाच थांबला, असं दरवेळी नसतं. कलमच स्वयंपूर्ण असेल तर त्याखालचा अधिकार नियमांशिवायही वापरता येतो. मग नियमांमागे न लागता थेट कलमाची अंमलबजावणी मागा. जीआर आणि कायद्याखालचा नियम यांतही गल्लत नको. दोन्हींचं वजन सारखं नाही.

आणि निवेदन दिल्याशिवाय कोर्टात जाऊ नका. मागणी केली आणि ती नाकारली किंवा दुर्लक्षित राहिली, हे परमादेश मागताना दाखवावं लागतं. निवेदन संबंधित विभागाच्या सचिवांच्या नावे, कलमाचा क्रमांक घालून द्या. पोचेवर शिक्का आणि तारीख दोन्ही नीट उमटलीत का, ते खिडकी सोडण्याआधी पाहून घ्या.