मुलाखत न घेता गावावर, वस्तीवर डॉक्युमेंटरी कशी करायची

आपल्याकडे एखाद्या गावावर डॉक्युमेंटरी करायची म्हटलं की पहिलं काय, तर कुणाला तरी खुर्चीत बसवून "तुमच्या समस्या सांगा". मग तो माणूस पण तेच बोलतो जे तो आमदारासमोर, पत्रकारासमोर बोलत आलाय. अमेरिकन दिग्दर्शक फ्रेडरिक वाइजमनच्या डॉक्युमेंटरीत मुलाखत नाही, निवेदन नाही, वरून घातलेलं म्युझिक नाही, नावाची पट्टीसुद्धा नाही, आणि ही पद्धत आपल्या बजेटमध्ये आरामात बसते.

आधी जागा शोधा, हिरो नको. जिथे लोकांना आपापसात बोलावंच लागतं अशी जागा. वाइजमनची २०१५ ची 'इन जॅक्सन हाइट्स' न्यूयॉर्कमधल्या क्वीन्सच्या एका वस्तीवर आहे, लॅटिन अमेरिकेतून आलेले, भारतीय, बांगलादेशी सगळे तिथे राहतात. भाडी वाढतील, दुकानं जातील ही भीती छोटे दुकानदार मीटिंगमध्ये एकमेकांना सांगतात आणि आपण ती मीटिंग ऐकत बसतो. आपल्याकडे ग्रामसभा आहे, सोसायटीची एजीएम आहे, बचत गटाची बैठक आहे. विषय पाण्याच्या टाकीचा असतो आणि अर्ध्या तासाने कळतं की खरं भांडण बांधावरून आहे, म्हणून तो अर्धा तास कितीही कंटाळवाणा वाटला तरी कॅमेरा बंद करायचा नाही.

वाइजमन स्वतः माईक धरायचा, कॅमेरामन दुसरा. हे नक्की करून बघा. सरपंच बोलत असताना मागच्या रांगेत बायका काय म्हणतायत ते हेडफोन घातलेल्यालाच कळतं, त्याने खूण केली की कॅमेरा तिकडे वळतो. पंखा घरघरत असेल तर बंद करायला लावू नका, माईक जवळ न्या.

परवानगी सभेआधी सगळ्यांसमोर मागा आणि तीही रेकॉर्ड करा. कुणी नको म्हटलं तर विषय संपला. वाइजमनची १९६७ ची 'टिटिकट फॉलीज' मॅसॅच्युसेट्समधल्या मनोरुग्ण कैद्यांवर होती, त्यांच्या प्रायव्हसीच्या मुद्द्यावर कोर्टात गेली आणि १९९१ पर्यंत सर्वसाधारण प्रेक्षकांना दाखवता आली नाही. माझं स्पष्ट मत आहे, ज्याला नाही म्हणता येत नाही त्याच्यावर कॅमेरा लावूच नये.

एडिटला मात्र भरपूर वेळ ठेवा. जॅक्सन हाइट्सचं शंभराहून जास्त तासांचं फूटेज होतं, फिल्म झाली ३ तास १० मिनिटांची. आणि आपण फक्त बघतोय, आपलं काही मत नाही असं समजू नका, मत सगळं शॉटच्या क्रमात असतं. सभेत एक बाई तुंबलेल्या गटारीबद्दल ओरडते, पुढचा शॉट त्या गटारीचा लावला तर एक अर्थ, सरपंचाच्या नव्या बंगल्याचा लावला तर थेट आरोप. बंगला लावायचा असेल तर गटारीच्या पैशाचा आणि त्याचा संबंध तुमच्याच फूटेजमध्ये कुठेतरी दिसलेला पाहिजे, नसेल तर गटार लावा.